पाटलानं शेवटी बोलावं

कान्ये, बोत्स्वाना
२ मार्च २०२५

ती. तात्यासाहेब यांस,
प्रेरणाचा सा. न. वि. वि.

हे पत्र सुदर्शनदादाच्या मोबाईलवर पाठवतेय, तो कागदावर काढून तुमच्या हातात देईल. फोन मुद्दाम करत नाही. फोनवर तुम्हाला ऐकू येत नाही, कानात मशीन घाला म्हटलं की मला म्हातारा ठरवता का म्हणून अंगावर येता, आणि आज मला जे ओरडायचंय ते तुम्ही नीट वाचायला हवं.

आईचा फोन आला होता. देवगाव रंगारीला तुम्ही भावकीची बैठक घेतलीत आणि विहिरीचं शेत पाडव्यापासून साहेबरावदादानं करायचं, असं ठरवून मोकळे झालात. सख्ख्या भावाच्या बायकोनं, म्हणजे माझ्या आईनं, म्हणे आता घरी बसून सुखानं खावं. अहो, अप्पा अंथरुणाला खिळले तेव्हापासून त्या शेतात आलं पिकवलंय ते तिनं! बेणं निवडणं, बेड पाडणं, औषध देणं, सगळं. अप्पा गेले त्याच्या पंधरा दिवसांत ती परत शेतात होती. आणि तुम्ही सिडकोतल्या चौथ्या मजल्यावरून सकाळच्या एसटीनं जाता, निवाडा करता आणि संध्याकाळच्या चहाला घरी.

तू का नाही बोललीस, असं मी आईला विचारलं. ती म्हणाली, दाराआड होते, थोरल्या दिरासमोर कसं बोलायचं? लग्न होऊन आल्यापासून तुमच्यासमोर तिनं एक शब्द उच्चारलेला नाही, हे मला माहीत होतं. त्याचा असा उपयोग होतो हे माहीत नव्हतं.

मी इथं शाळेत गणित शिकवायला निघाले, तेव्हा तिकडचे पाटील कसे असतात ते कळव म्हणाला होतात. तर ऐका. या त्स्वाना लोकांच्या राजाला खोसी म्हणतात आणि त्याच्या बैठकीच्या जागेला खोत्ला. लाकडाचे खांब अर्धगोल रोवलेले, मध्ये खोसीची खुर्ची. गेल्या आठवड्यात मी गेले, तर दारातच अडवलं. बाईमाणसानं पॅन्ट घालून आत यायचं नाही! असला संताप आला म्हणून सांगू. पण हट्टानं घरी गेले, शेजारणीचा घागरा घातला, डोक्याला रुमाल बांधला आणि परत आले.

बरं झालं आले. गुरांच्या पाण्याची एक बोअर बंद करायचं खोसीच्या मनात होतं. एक म्हातारी उठली आणि त्याच्या तोंडावर म्हणाली की तुमची गुरं दुसरीकडं पाणी पितात, म्हणून तुम्हाला हे सुचतंय. मला वाटलं, आता हिला हाकलतात. कुणी हूं की चूं केलं नाही. खोत्लामध्ये वाकडं बोलणाऱ्याचंही ऐकून घ्यायचं, ही त्यांची रीत. खोसी सगळ्यांत शेवटी बोलतो, आणि तोवर गप्प बसतो. बोअर चालूच राहिली.

तुम्ही मात्र सगळ्यांत आधी बोलता, आणि मग बोलायला कुणी उरत नाही. लोभ असू द्यावा. राग माझ्याकडं पुरेसा आहे.

आपली,
प्रेरणा


सिडको, छत्रपती संभाजीनगर
८ मार्च २०२५

चि. प्रेरणास अ. उ. आ.

तुझं पत्र दोनदा वाचलं. दोन्ही वेळा पित्त खवळलं. सुदर्शन म्हणत होता उत्तर देऊ नका, त्यालाही चार शब्द सुनावले.

काल शिंगं फुटली आणि आज मला पाटीलकी शिकवायला निघालीस? सरकारनं कागदावरची पाटीलकी काढून घेतली, माणसांच्या मनातली नाही. आजही देवगावची माणसं भांडण घेऊन सिडकोत येतात. लिफ्ट बंद असली तरी चार मजले चढून येतात, उगीच नाही.

मी तुझ्या आईचं वाईट केलं असं तुला वाटतं. शेतीची लाईट रात्री येते हे गणितात शिकवत नाहीत काय? बाईमाणूस एकटी अंधारात मोटार चालू करायला जाते. त्या अंगाला बिबट्या फिरतोय, कडूबाची दोन शेरडं नेली. उद्या काही बरंवाईट झालं तर लोक थुंकणार ते माझ्या तोंडावर. आणि साहेबराव काय परका आहे? चुलतभावाचंच लेकरू. त्याच्या रानात पाणी नाही, उन्हाळ्यात त्याची मका वाळून गेली.

तूच मागं लिहिलं होतंस की कंपनीच्या घशात जमीन जाऊ नये म्हणून त्या त्स्वानांचे तीन राजे सव्वाशे वर्षांपूर्वी विलायतेला गेले, गावोगाव फिरून तिथल्या लोकांपुढं बोलले. त्यातला एक तुझ्या कान्येचाच. ते मी गावात पारावर सांगितलं तेव्हा माणसं विड्या विझवून ऐकत होती. ते दर्या ओलांडून जमीन राखायला गेले, आणि तू दर्या ओलांडून भावकी फोडायला गेलीस! त्यांनासुद्धा रेल्वेसाठी एक पट्टा सोडावा लागला, तेव्हा कुठं बाकीचं वाचलं. थोडं सोडावं लागतं, पोरी.

तुझी आई बैठकीत बोलली नाही, म्हणजे तिला मान्य होतं. जो बोलतच नाही त्याचं मी काय ऐकू? तब्येतीला जप. तिकडं गाईचं दूध चांगलं मिळतं म्हणतात, पीत जा.

तुझा,
तात्या


कान्ये
१४ मार्च २०२५

ती. तात्यासाहेब यांस,
सा. न. वि. वि.

दूध पितेय. राग तसाच आहे.

बिबट्या साहेबरावदादाला बघून रामराम करणार आहे का? रात्रीच्या लाईटची काळजी होती, तर इतकी वर्षं कुणी एक रात्र सोबतीला का गेला नाही? तुम्ही काळजीपोटी केलंत हे मला पटतं, खरंच पटतं, आणि म्हणूनच जास्त चीड येते. वाईट माणसाशी भांडणं सोपं असतं.

पट्ट्याचं म्हणाल तर, त्या तीन राजांनी तो दिला हे खरं. पण आपल्या तोंडानं दिला. तिकडं आईचं शेत सोडून दिलंत तुम्ही! कान्येची माणसं अजून अभिमानानं सांगतात की खोसी हा लोकांमुळे खोसी असतो. तुमच्या बैठकीत लोक कुठं होते? तुमच्या मानेबरोबर माना हलवणारे तेवढे होते.

आई बोलली नाही म्हणता. मलाही इथं घागरा घालायला लावला, तो मी घातला, पण पुढं माझं तोंड कुणी बांधलं नाही. पदर डोक्यावर असतो, तात्या, तोंडात बोळा नसतो. हिंमत असेल तर एकदा करून बघा. पाडव्याला परत बैठक घ्या, आईला दाराआड नाही, पुढं बसवा, आणि तुम्ही शेवटी बोला.

लिहिताना तोल गेला असेल तर लेक म्हणून सोसा.

आपली,
प्रेरणा


सिडको, छत्रपती संभाजीनगर
१ एप्रिल २०२५

चि. प्रेरणास अ. उ. आ.

मला हिंमत विचारतेस काय? पाडव्याला गुढी उभारून पहिल्या गाडीनं देवगावला गेलो. शाळेपुढच्या लिंबाखाली बैठक बोलावली. सगळ्यांना सांगितलं की आज मी शेवटी बोलणार. माझी खात्री होती की कुणी तोंड उघडणार नाही, आणि मग तुला तसं लिहायचं, हेही ठरवून गेलो होतो.

तुझी आई साळूबाई आली. पदर नाकापर्यंत. मला तोंड दिसू नये म्हणून माझ्याकडं पाठ करून लिंबाच्या खोडाकडं बघत उभी राहिली. आणि बोलायला लागली. मला काही ऐकू येईना. मी म्हणालो, मोठ्यानं बोल. तिनं आवाज थोडा चढवला. तरी ऐकू येईना. मी पुन्हा म्हणालो. तिसऱ्यांदा ओरडलो. मग तिनं जो आवाज लावला, तो एसटी स्टँडावर गेला असेल.

आल्याचे कंद सडले त्या साली भावकीतला कोण बांधावर आला होता ते तिनं नावं घेऊन विचारलं. त्यात माझंही नाव होतं. बिबट्या माणूस बघून वाट सोडतो, भावकी सोडत नाही, असं म्हणाली. साहेबरावाला पाणी पाहिजे तर मागावं, विहीर काही मी पदरात बांधून नेणार नाही, असंही म्हणाली. मग पारूबाई उठली, मग कडूबा. माझ्या भाकरीवर वाढलेली माणसं ही! शेवटी साहेबरावच खाली मान घालून म्हणाला की काकीनं पाणी दिलं तर मला शेत कशाला?

माझी पाळी आली तेव्हा बोलायला काही शिल्लकच नव्हतं. पाटील म्हणून उठून मला त्यांचंच म्हणणं सांगावं लागलं. शेत साळूबाईच करील, साहेबरावाला आठवड्यातून दोन पाळ्या पाणी, आणि रात्री मोटारीला त्यानं सोबत जायचं. झालं समाधान?

मी तुझ्यावर रागावलेलो आहे आणि दिवाळीपर्यंत राहणार आहे. मोठ्यानं बोल, एवढा एकच हुकूम त्या दिवशी माझा कुणी पाळला.

तुझा,
तात्या


देवगाव रंगारी
४ एप्रिल २०२५

चि. प्रेरणास आईचे लई लई आशीर्वाद.

बेणं निवडायला घेतलंय, म्हणून चार ओळीच लिहिते. तात्यासाहेबांनी तुला सगळं कळवलं म्हणून सुदर्शन सांगत होता. सगळं नसंल कळवलं. बैठक मोडताना त्यांनी विचारलं, आणखी काही राहिलंय का? रीतीखातर विचारलं असंल. मी व्हय म्हणाले. सगळे उठलेले परत बसले.

मी म्हणाले, पुढच्या बैठकीला कानात मशीन घालून या. दर बारीला एवढं ओरडायला मला जमायचं नाय.

कुणी हसलं नाय. त्यांनी नुसती टोपी नीट केली. काल सुदर्शन सांगत होता, मशीन आणलंय. दुकानदाराशी भांडून आणलंय, पण आणलंय. आता मला हळू बोलायची सवय करावी लागंल.

जेवत जा. माया हाय तशी राहू दे.

तुझी,
आई