लमीसचा चेहरा

६ मार्च, मीना बंदर
बैरूतच्या गोंगाटातून सुटले एकदाची. खिडकीत समुद्र, खाली मासे तळल्याचा वास. घरमालकीण उम्म वदी एकटीच राहते. सामान उतरवण्याआधीच तिने झातरचा मसाला लावलेली गरम रोटी हातात दिली आणि म्हणाली की लग्न नाही अन् वर कुणाला न कळणारे सिनेमे काढतेस, म्हणजे दोन्हीकडून उपाशीच. आईला फोन केला. ठेवताना ती नेहमीसारखं म्हणाली, तुझ्याच हातची माती मिळो मला. आमच्याकडे लाडाने असंच म्हणतात: तू मला पुरावंस, मी तुला नाही.

९ मार्च
जुन्या बाजारात कुणाच्या तरी घरची फिल्म मिळाली. किनाऱ्यावर एक बाई आणि सातेक वर्षांची मुलगी. आता सुईने प्रत्येक चौकटीतला मुलीचा चेहरा खरवडायचा, तिथे माझा लहानपणचा चिकटवायचा. परक्याच्या आठवणीत शिरल्यावर मी कोण उरते, हे मला बघायचंय. प्रेक्षकांना डोकेदुखी, मला मजा.

१४ मार्च
माझे चेहरे चिकटवून झालेली फिल्म भिंतीवर पाडली. चहा घेऊन आलेली उम्म वदी उभीच राहिली. फिल्म तिच्याच घरची निघाली; दिराने भंगारात घातलेली. मुलगी तिची, लमीस. त्याच उन्हाळ्यात बुडाली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. परत देते म्हटलं, तर म्हणाली, राहू दे, चेहरा छान बसलाय.

१७ मार्च
आईचा फोन. अल्बम काढून बसली होती. विचारत होती, माझ्या मांडीवरची ही मुलगी कुणाची? चष्मा बदल म्हटलं. ती हसली नाही. फोन ठेवताना मातीचं म्हणालीच नाही.

१९ मार्च
उम्म वदी मला लमीस म्हणते. बेकरीवालाही. मी चिडून सांगितलं, माझं नाव जुमाना. तो म्हणाला, बुडून आलीस तरी नखरे तेच.

२१ मार्च
माझे चेहरे काढायला बसले. निघत नाहीत. सुई लावली की गालाला झोंबतं. रक्त आलं— थोडंच. फार भीती वाटतेय.

२२ मार्च
आईने विचारलं, कोण बोलतंय? पुन्हा पुन्हा नाव सांगितलं. म्हणाली, मला मूलबाळ नाही हो.
उम्म वदीने माझं डोकं मांडीवर घेतलं. तुझ्याच हातची माती मिळो, म्हणाली. बरं वाटलं. वाटायला नको होतं.

२३ मार्च
सगळे चेहरे ओरबाडून काढले. गाल सोलला. फिल्ममध्ये आता नुसती भोकं. आईला मी आठवेन. आठवायलाच—

२५ मार्च
त्या दिवशी पाणी गार होतं. नाकात वाळू— हे मला कसं—
बैरूतच्या घराचं दार. निळं? की—

२६ मार्च
आईने मासे तळले. माझ्या आवडीचे.
फोन सारखा वाजतोय. बैरूतची कुणी बाई, रडून बेजार. म्हणते, अल्बममध्ये चेहरा परत आला, मला सगळं आठवलं, जुमाना, बोल गं. बिचारी. लेक हरवलेली दिसते. मी सांगितलं, मावशी, नंबर चुकला. तर माझा आवाज ऐकून आणखीच—
आई खालून हाक मारतेय. पोहायला चल म्हणते, पाणी आज—