कोऱ्या कागदावर घेतलेली सही

मी, निवृत्त पोलीस निरीक्षक, वय वर्षे सदुसष्ट, राहत्या घरी खाटेवर बसून हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. यकृत निकामी झाले असून डॉक्टरांनी फार तर दोन महिने सांगितले आहेत. डोके मात्र ठिकाणावर आहे. माझ्यावर कोणाचेही दडपण नाही. उलट कलम पाच लिहू नका म्हणून बायकोने आणि मुलीने माझे डोके खाल्ले आहे. याआधीचे मृत्युपत्र रद्द समजावे.

१. राहते घर व बँकेतील ठेव बायकोला, तिच्यामागे मुलीला. मधली भिंत पाडून दिवाणखाना मोठा करण्याचा बेत जावयाने सासूच्या हयातीत मनातही आणू नये.

२. माझा टाइपरायटर चौकशी शाखेतील माझ्या टंकलेखकाला द्यावा. मी सांगितले ते त्याने टाइप केले. त्यात त्याचा दोष नाही.

३. धाकट्या भावाने दोन दिवसांसाठी म्हणून नेलेल्या शिडीला नऊ वर्षे झाली. ती मी त्याला बक्षीस देत आहे. म्हणजे निदान तो माझ्या मातीला तोंड लपवत येणार नाही.

४. निवृत्तीच्या समारंभात मिळालेले भिंतीवरचे घड्याळ माझ्या तेव्हाच्या वरिष्ठ साहेबांना परत करावे. सोबत या मृत्युपत्राची एक प्रत द्यावी आणि पोच घ्यावी.

५. अकरा वर्षांपूर्वी एका शिपायाच्या खातेनिहाय चौकशीत मी चौकशी अधिकारी होतो. इस्पितळात खाटेला बेडी घालून ठेवलेला एक आरोपी भरदुपारी पळाला होता. पहाऱ्यावर एक हवालदार आणि हा शिपाई होता. शिपाई परवानगीशिवाय जागा सोडून गेला, असा जबाब हवालदाराने दिला. शिपायाचे म्हणणे असे की, हवालदारानेच त्याला औषध आणायला पाठवले आणि बेडीची किल्ली हवालदाराच्याच खिशात होती. हवालदाराला विचारायचे सात प्रश्न तो कागदावर लिहून घेऊन आला होता.

ते प्रश्न मी त्याला विचारू दिले नाहीत. आदल्या आठवड्यात साहेबांचा फोन आला होता : "महिनाअखेर बडतर्फीचा आदेश निघाला पाहिजे. घोळ घालत बसू नका." हवालदार साहेबांच्या मर्जीतला होता. मी कोरा कागद पुढे केला आणि शिपायाला म्हणालो, "खाली सही कर. बाकीचं मी भरतो. मी आहे ना!" त्याने केली. पंचनाम्याच्या कोऱ्या कागदांवर पंचांच्या सह्या आधी घेऊन ठेवायची आमच्याकडे सर्रास सवय. त्यानेही त्या कितीदा घेतल्या होत्या, त्यामुळे त्याला त्यात काही वावगे वाटले नाही. त्या सहीच्या वर मी लिहिले : 'साक्षीदाराची उलटतपासणी घ्यावयाची नाही.' पुढच्या महिन्यात त्याची नोकरी गेली.

तेव्हापासून तो एका गोदामाच्या फाटकावर रखवालदारी करतो. त्याचे प्रकरण आता कोर्टात सुनावणीला आले आहे, तारीख तीन महिन्यांनी आहे. मी इतकी वर्षे गप्प बसलो, कारण खाते पेन्शन रोखील अशी भीती होती. मी भित्रा माणूस आहे. हे कलम माझ्या मृत्यूनंतर त्याच्या वकिलाला द्यावे.

६. इथवर लिहून मी त्याला बोलावून घेतले. तो रखवालदाराच्या गणवेशातच आला आणि खुर्ची दिली तरी बसला नाही. कलम पाच त्याने उभ्यानेच दोनदा वाचले.

"साहेब, तिकडचा वकील म्हणेल, मेलेल्या माणसाला विचारायचं कसं? तेव्हा मला कुणाला काही विचारू दिलं नाहीत. आता तुम्हीपण काही विचारू न देताच निघालात."

बायको दारातून म्हणाली, "झालं तेवढं पुरे करा. लोक तोंडात शेण घालतील."

मला त्याचे म्हणणे पटले. कबुलीसुद्धा मी कोणी प्रश्न विचारायला उरणार नाही अशाच सोयीने लिहिली होती. मी शेजारच्या दोघांना साक्षीला बोलावले आणि त्याला म्हणालो, "घे उलटतपासणी. हवालदाराचे सात प्रश्न आणलेस का?"

"तो वारला, साहेब. तुम्हाला विचारायचे वेगळे आहेत. तीनच."

तारखेपर्यंत टिकलो तर कोर्टात हेच सांगेन. नाही टिकलो तर ही माझी साक्ष समजावी.

प्रश्न : मी सही केली तेव्हा कागद कोरा होता का?
उत्तर : होय.

प्रश्न : माझी बाजू ऐकण्याआधी तुमचा निष्कर्ष टाइप झाला होता का?
उत्तर : होय. दोन दिवस आधी.

प्रश्न : आदेश निघाल्यावर माझी आई तुमच्या दारात आली होती. तेव्हा तुम्ही घरात होता का?
उत्तर : होय. आतल्या खोलीत जेवत होतो. 'घरी नाहीत' म्हणून सांगायला मीच बायकोला सांगितले. आई संध्याकाळपर्यंत पायरीवर बसून होत्या. मला खिडकीतून दिसत होत्या.

उलटतपासणी समाप्त.

मृत्युपत्र करणारा : (सही)

सर्व प्रश्नोत्तरे आम्ही समोर बसून ऐकली. सही आमच्या डोळ्यांदेखत झाली.
साक्षीदार १ : शेजारचे औषध दुकानदार (सही)
साक्षीदार २ : वरच्या मजल्यावरील निवृत्त शिक्षिका (सही)

ठिकाण : राहते घर, मागची खोली
दिनांक : ९ फेब्रुवारी, सकाळी साडेअकरा