खळ्यावरचं कापलेलं दृश्य

प्रिय दमियान दादा,

रविवारी आपल्या गावात तो सिनेमा दाखवला. तू आफ्रिकेत मेलिल्याला लष्करात होतास त्या उन्हाळ्यात माद्रिदहून मंडळी आली होती ना, यादवी युद्धानंतरच्या गावाची गोष्ट घेऊन, तोच. शाळेच्या मोठ्या खोलीत शंभरेक माणसं जमली होती. सेन्सॉरने कापलेला तुकडाही म्हणे सापडला, तो परत जोडलाय.

त्यात बाबांनी काम केलं होतं, हे तुला कुणी सांगितलं नाही. तुरुंगातून सुटून आलेल्या कैद्याचं काम, ज्याला खळ्यावर शिपाई बडवतो. शिपायाचं काम केलं होतं मार्सियालने. युद्ध संपल्यावर, जिंकलेल्यांच्या बाजूचा म्हणून, त्यानेच बाबांना त्याच खळ्यावर अर्धमेलं केलं होतं. दिग्दर्शकाला बिचाऱ्याला काय माहीत! "हळू मारायचं हं, नाटक आहे," तो सांगत होता. मार्सियालने बंदुकीचा दस्ता सरळ बरगड्यांत घातला. "काय रे लालबावट्या, सवय गेली वाटतं?" दुसरा घाव कानाखाली. रक्त पाहून दिग्दर्शक "थांबा, थांबा" ओरडतोय, पण कॅमेरा चालूच. मग बाबा उठले. नळी धरून बंदूक हिसकली आणि दस्ता त्याच्या तोंडावर हाणला. एकदा, दोनदा. तो दात थुंकत भुशात लोळला. बाबा नुसते धापा टाकत उभे.

हाच तो कापलेला तुकडा, रविवारी पडद्यावर. माझ्या पुढच्या रांगेतली मार्सियालची नात उठून गेली.

चित्रीकरण झालं त्या संध्याकाळी चौकीवाले बाबांना घेऊन गेले. तिसऱ्या दिवशी दारात आणून टाकलं, तेव्हा उजव्या हाताची बोटं चेचलेली होती. तुला सांगितलं, खेचराने लाथ मारली. पुढे हिवाळ्यात मार्सियाल भर बाजारात त्यांच्या तोंडावर थुंकला आणि ते रुमालाने पुसून घरी आले. तू त्यांना नेभळट म्हणालास, फ्रान्सला निघून गेलास, त्यांच्या मातीलाही आला नाहीस.

दादा, त्या दिवशी खळ्यावर मी होते. अकरा वर्षांची, गंजीमागे लपलेली. बाबांनी मला शपथ घातली. म्हणाले, "दमियानला कळलं तर तो सुरी घेऊन चौकीत शिरेल आणि ते त्याला गोळी घालतील. म्हणू दे मला भित्रा." ते होते तोवर मी गप्प राहिले, ते ठीक. पण ते गेल्यावर तेवीस वर्षं तोंड का उघडलं नाही? तू रागावशील म्हणून घाबरले, एवढंच. कुणा परक्याकडून तुझ्या कानावर जाण्याआधी मीच सांगावं म्हणून हे लिहिते आहे. मला शिव्या द्यायला तरी ये.

तुझीच अपराधी,
कासिल्दा