सुरुवातीची खरखर

३ फेब्रुवारी २०२५, पिंप्राळा

सारिका धुळ्याहून कॅमेरा घेऊन आली. माझी भाची, शॉर्ट फिल्म करतेय — गेलेल्या माणसांच्या आठवणींवर. नवल जाऊन दोन वर्षं झाली, म्हणून पहिला नंबर मावशीचा. मी आधीच बजावलं, फोटोला हार घातलेला दाखवशील तर खबरदार. नवऱ्याला नावाने हाक मारणारी कॉलनीतली मी पहिली, माझ्याकडून रडारड मिळणार नाही.

"बरं मावशी. काका बोलायचे कसे?"

वीस मिनिटं बोलले. घरकामाच्या न्याय्य वाटणीपासून थेट राज्यघटनेपर्यंत. सारिकाने कॅमेरा बंद केला. "छान झालं. आता काकांबद्दल सांग."

४ फेब्रुवारी

लिहून टाकते. नवलचा आवाज मला आठवत नाही.

दीपनगरच्या वीज केंद्रात ड्यूटीवर निघालेली त्याची पाठ आठवते. आवाज नाही. घरच्या सगळ्या व्हिडिओंत मी बोलतेय, तो कॅमेऱ्यामागे. फोनवरही नुसता मिस्ड कॉल द्यायचा. आणि मी तीस वर्षं जिल्हाभर सांगत फिरले — ज्यांना कुणी बोलू देत नाही, त्यांचं ऐका!

६ फेब्रुवारी

सारिकाला खरं सांगितलं. वाटलं, हसेल. तिने विचारलं, "भाषणांच्या कॅसेट कुठे आहेत?"

एक्केचाळीस निघाल्या. रेकॉर्डिंग नवलचं, लेबलवर अक्षर नवलचं, पण आत मीच. घरी ऐकायला बसलो की मी म्हणायचे, ती सुरुवातीची खरखर पुढे ढकल. तो मुकाट्याने ढकलायचा.

पेटी घेऊन सारिका गेली. "तुझी भाषणं ऐकणार नाहीये, घाबरू नकोस."

७ फेब्रुवारी

फोन नाही. दोन पुस्तकं उघडली, मिटली.

९ फेब्रुवारी

सारिकाचा फोन. तिने थेट कॅसेट लावली. खरखर. मग त्याची अहिराणी —

"हॅलो, हॅलो. आते बोली लेस. मंग मनी पाळी येत नही."

आणि त्याची पाळी संपवत लगेच मी, "बंधू-भगिनींनो".

प्रत्येक कॅसेटच्या सुरुवातीला तो आहे. माईक तपासतोय. एकीवर म्हणतो, "आज तिना घसा बसेल शे. लोकेसनं नशीब."

मेल्या, हे घरात बोलायला काय झालं होतं?

बोललाही असेल. मीच पुढे ढकललं असेल.

२ मार्च, धुळे

फिल्म अकरा मिनिटांची. माझं एकही वाक्य नाही. संपल्यावर संयोजकांनी माईक हातात दिला, दोन शब्द बोला म्हणाले.

"आज नवलची पाळी," म्हटलं, आणि खाली बसले.