खुंटीवरचा स्कार्फ

प्रिय ग्लेन,

तुझ्याविरुद्ध एक गंभीर तक्रार आहे. आमच्या कॅलमचा धर्मपिता या नात्याने त्याच्या अठराव्या वाढदिवसाला तू दिलेला आपल्या संघाचा लाल-पांढरा स्कार्फ गेले तीन शनिवार, सामन्याच्या दिवशीही, आमच्या खुंटीवर समाधिस्थ आहे. माझ्या टोपीला जागा उरलेली नाही.

आई म्हणून मॉरीन खुशीत आहे. म्हणाली, ‘सुटला एकदाचा फुटबॉलच्या नादातून. इस्त्रीचा शर्ट, नवं इटालियन जाकीट. मुलगी आहे कुणीतरी, बघ तू.’ मी म्हटलं, असेलही. लॅटिनच्या मास्तराने प्रणयात मत देऊ नये. पण शनिवारी सकाळी चिरंजीव मोरीपाशी बसून पांढरे बूट दात घासायच्या ब्रशने घासत होते. संघ हरतोय म्हणून सोडलंस काय रे, असं विचारलं, तर मान वर न करता म्हणाला, ‘बाबा, तुला नाही कळायचं त्यातलं. तू आपल्या वह्या तपास.’

न कळायला काय झालं? पंच्याऐंशी साली डॉनकास्टरच्या फलाटावर तूच शिकवलं होतंस: ‘संघाचे रंग घालतो तो गाणी म्हणायला जातो, बर्नर्ड. हात चालवायचा तर जावयासारखं नटून जायचं. पोलीस स्कार्फ बघतात, बूट कोण बघतो?’ त्या दिवशी आपल्या तावडीत सापडलेल्या, समोरच्या संघाच्या पोराच्या गळ्यात मात्र स्कार्फ होता. आपल्या माराने तो पडल्यावर तू त्याच्या खिशात कार्ड खोचलंस. काळा कोंबडा आणि खाली ओळ: ‘अभिनंदन, आमची तुमची भेट झाली.’ तुझ्या भावाच्या छापखान्यात छापलेली ती कार्डं पुढे जाळून टाकलीस, असं तू मला शपथेवर सांगितलं होतंस.

काल धुण्यात कॅलमच्या पँटच्या खिशातून एक निघालं. तोच कोंबडा, तीच ओळ, कडा पिवळ्या पडलेल्या. दर गुरुवारी तो तुझ्याकडे डार्ट खेळायला येतो, असं आम्ही समजतो. तुझ्यावर आळ घेत नाही. पण जळलेली कार्डं पिवळी पडत नाहीत, ग्लेन.

ते कार्ड तू दिलंस का, एवढं मला येत्या शनिवारच्या आत कळव. त्याला मी विचारू शकत नाही. विचारलं तर तो म्हणेल, बाबा, तुला कसं ठाऊक? डॉनकास्टरचं मी मॉरीनलाही कधी सांगितलेलं नाही. आणि त्याला मार बसेल ही माझी भीती नाही. त्याला मार देणं आवडलं असेल, ही आहे. मला आवडलं होतं.

तुझाच,
बर्नर्ड