सुट्टी मास्तरांस द्यावी, शाळेस नको

प्रति,
मेहेरबान डेप्युटी एज्युकेशनल इन्स्पेक्टरसाहेब,
जिल्हा कानडा,
मुक्काम कारवार.

अर्जदार : झिलू, बुदवंत, मौजे कुंभेगाळी, तालुका सुपे.

विषय : सुगीची सुट्टी रद्द होऊन आमची मराठी शाळा बारमाही चालू राहणेबाबत.

संदर्भ : १) अर्जदाराने गावच्या मांडावर दिलेला शब्द (तोंडी).
२) मेहेरबान साहेबांनी त्याच मांडावर दिलेला शब्द (तोंडी).

महोदय,

अर्जदार झिलू याचा दंडवत विनंतीविशेष. बुदवंत म्हणजे गावचे तंटे तोडणारा, बैठक बोलावणारा आणि चुकलेल्याला दंड करणारा माणूस, हे साहेबांस ठाऊक असेलच. नसल्यास आता झाले. हा अर्ज मी सांगत आहे व माझी नात केशर, वय वर्षे अकरा, इयत्ता चौथी, ही लिहीत आहे. अर्ज कसा लिहावा हा धडा रामचंद्र मास्तरांनी नुकताच घेतला. तेव्हा चूक आढळल्यास ती माझ्या तोंडाची समजावी, तिच्या हाताची समजू नये.

अर्ज करण्यास कारण असे की, आजवर आमच्या शाळेला मोठी सुट्टी म्हणून वैशाखातलीच असे. यंदा हुकूम आला की तुळशीचे लग्न झाले की सुगीची म्हणून आणखी एक सुट्टी द्यावी. मास्तरांनी तो हुकूम शाळेच्या ओटीवर उभे राहून वाचला. पोरांनी अशी आरोळी ठोकली की पलीकडच्या रानातले मोर ओरडू लागले. मी मात्र मटकन खाली बसलो, आणि का बसलो ते पुढीलप्रमाणे.

श्रावणात अणशीचा येसाजी केळीचा घड घेऊन माझ्याकडे आला व त्याचा मुलगा परशू याच्यासाठी केशरला मागणी घातली. येसाजी माझा जुना स्नेही. माझा बैल काळी नदीच्या पुरात वाहून चालला होता तेव्हा याच माणसाने उडी टाकून त्याचे शेपूट धरले होते. अशा माणसाला तोंडावर नाही म्हणवत नाही. होय म्हणावे तर पोरगी अकरा वर्षांची, तिचे केस विंचरायला अजून आजी लागते. तेव्हा मी माझी सगळी हुशारी पणाला लावून, मांडावर, म्हणजे गाव बैठकीला जमते त्या जागी, देवासमोर नारळ ठेवून, चारचौघांत जाहीर केले की, "शाळा चालू हाय तवर लगीन न्हाई. सुट्टी लागली की दुसऱ्या दिशी अक्षता." मनात म्हटले, वैशाख लांब आहे, तोवर येसाजीचे मन तरी फिरेल, नाहीतर मी तरी मरेन. सरकार मधल्या मध्येच एक सुट्टी काढील हे मला कसे कळावे? येसाजी आनंदाने उड्या मारत गेला. माझी बायको रुक्मा त्या दिवसापासून माझ्याशी बोलत नाही. ताट वाढते, पण ते अशा आवाजाने आदळते की सगळे बोलणे त्यातच येते.

आता साहेब म्हणतील, शब्द मागे घे. इथेच माझी मान अडकली आहे. मांडावर दिलेला शब्द मोडणाऱ्याला आमच्याकडे एक कोंबडा दंड आहे, आणि तो दंड वसूल करणारा मीच. गेल्या शिमग्यात धाकलूने नांगर देतो म्हणून दिला नाही, त्याचा तुरेवाला कोंबडा मी भर बैठकीत काढून घेतला व वर अर्धी घटका उपदेश केला. तो उपदेश धाकलूला पाठ आहे. मी शब्द मोडण्याची तो असा वाट पाहत आहे की रोज माझ्या खुराड्यापुढून चक्कर मारून जातो. कोंबड्याचे एक वेळ सोसेन, पण उद्या कोणाचा तंटा कोणत्या तोंडाने तोडू?

येणेप्रमाणे सुट्टी लागली तर लग्न, आणि लग्न लागले तर शाळा संपली. एकच वाट उरते, ती म्हणजे सुट्टीच न लागणे. मास्तरांना तसे म्हटले, तर ते हसून हसून खोकू लागले. खोकला थांबल्यावर म्हणाले, "झिलूबा, माझ्या हातात काही नाही, साहेबांना लिहा. पण सरकार रडगाणे ऐकत नाही, फायदे विचारते. फायदे लिहा." म्हणून गावातून विचारून फायदे लिहीत आहे.

फायदा पहिला. आमची शाळा भाताच्या खाचरांना लागून आहे. पोरे ओरडून पाढे म्हणतात तोवर एकही वानर त्या बाजूला फिरकत नाही. दुणे-तिणेला ती झाडावर सरकतात, औटकी, म्हणजे साडेतीनचा पाढा, सुरू झाली की रान सोडून जातात. औटकीला आमची पोरेही तशीच भितात. वैशाखाच्या सुट्टीत दुसऱ्याच दिवशी वानरांचा कळप शाळेच्या ओटीवर येऊन बसला. एक म्हातारा हुप्प्या तर मास्तरांच्या जागी बसला होता व बाकीचे त्याच्यापुढे बरेच शिस्तीत होते. त्या सुट्टीत गावात केळ राहिले नाही की फणस राहिला नाही. आता शेतात भात उभे आहे आणि नेमके आत्ताच पाढे बंद करावयाचे, यात सरकारचा काय हिशेब आहे तो आम्हां अडाण्यांस उमगत नाही.

फायदा दुसरा. शाळेची घंटा म्हणजे कॅसलरॉकहून डोक्यावरून आणलेला रुळाचा तुकडा. त्याच्या ठोक्यावर गाव जेवते. सुट्टीत ठोका नसतो, म्हणून गेल्या वैशाखात कोणी उन्हे वर येण्याआधीच जेवले, कोणी जेवल्याचे विसरून पुन्हा जेवले, आणि माझी म्हैस तर मी व रुक्मा अशा दोघांनी मागोमाग पिळली. तिने दुसऱ्याला लाथ मारली. दुसरा मी होतो.

फायदा तिसरा. शाळेत पोरे मास्तरांना प्रश्न विचारतात, सुट्टीत तेच प्रश्न घरात विचारतात. धाकलूच्या नातवाने त्याला विचारले की पृथ्वी गोल आहे तर खालच्या बाजूचे लोक पडत कसे नाहीत. धाकलू म्हणाला, "पडत असतील, आपल्याला काय?" पोराने सगळ्या घरादेखत "चूक" म्हटले. धाकलू उठून जो रानात गेला तो पोटात कावळे ओरडू लागले तेव्हाच परतला. असे प्रश्न झेलण्याचा पगार सरकार मास्तरांना देते, आम्हांस देत नाही.

फायदा चौथा, आणि हा मास्तरांनीच कबूल केलेला. सुट्टीत पोरे सगळे विसरतात. वैशाखानंतर शाळा उघडली तेव्हा बाराखडी पुन्हा पहिल्यापासून घ्यावी लागली. रोज चूल पेटती राहिली तर शेजारी विस्तव मागायला जावे लागत नाही, तसे हे आहे. बारमाही शाळेत पोरे विसरायला मोकळीच राहणार नाहीत.

फायदा पाचवा लिहिण्याजोगा आहे की नाही ते साहेबांनी ठरवावे. येसाजी आपल्या परशूला दर आठवड्याला "सुट्टी कवा लागती?" हे विचारायला अणशीहून पाठवीत असे. चौदा वर्षांचा दांडगा पोरगा खिडकीत उभा पाहून मास्तर म्हणाले, आला आहेस तर बस. तो बसला. आता विचारायचे ते विसरतो आणि पाटी घेऊन बसतो. ग म भ न पर्यंत आला आहे. त्याचा धडा केशर घेते. परवा मला बाजूला घेऊन म्हणाला, "आज्या, ही मला साळंत कोपऱ्यात उभं करतीया. घरात आली तर कुठं उभं करंल? मला न्हाई लगीन करायचं." (हे लिहिताना केशरला हसू आवरले नाही, म्हणून येथे शाईचा डाग पडला आहे. क्षमा असावी.) म्हणजे नवरीला लग्न नको, नवऱ्याला नको, आजीला नको, मला तर नकोच. हवे आहे ते फक्त माझ्या शब्दाला.

सुगीत पोरांचे हात शेतात लागतात म्हणून सुट्टी, असे साहेब म्हणतील. ते खरे आहे. त्यावर तोड अशी की, सकाळी ऊन तापेपर्यंत शाळा भरावी आणि मग पोरांनी कापणीला जावे, पाढे म्हणतच जावे, म्हणजे दूरच्या खाचरातली वानरेही शिकून जातील. मास्तर खानापूरकडचे, त्यांच्या घरी बाळ झाले आहे व त्यांनी ते अजून पाहिलेले नाही. त्यांना अडकवून ठेवावे असा आमचा हेतू नाही. त्यांनी खुशाल कॅसलरॉकला जाऊन गाडी धरावी. सुट्टी मास्तरांस द्यावी, शाळेस नको. ते येईपर्यंत हजेरी केशर घेईल, घंटा मी वाजवीन, आणि कोणी दंगा केला तर रुक्मा फक्त येऊन उभी राहील, तेवढे पुरते.

आता संदर्भ क्रमांक दोन. हे लिहू की नको असा मी फार विचार केला. गेल्या चैत्रात साहेब तपासणीस आले तेव्हा शाळेचे छप्पर उतरवले होते, म्हणून पोरांना मोठ्या जांभळीखाली बसवले होते. केशरने कविता म्हटली, नकाशात कारवार दाखवले, आणि साहेबांनी तिच्या डोक्यावर हात ठेवून म्हटले, "शाब्बास, पुढच्या तपासणीला मी तुला पाचवीत पाहीन." सगळ्या गावाने ऐकले. साहेबांना कोणी सांगितले नसेल, पण ती जांभळी म्हणजेच आमचा मांड. साहेब देवाला पाठ करून उभे होते, तरी शब्द लागू होतो. मी जुन्या माणसांना विचारून खात्री केली.

याप्रमाणे मांडावर दोन शब्द पडले आहेत, एक माझा व एक साहेबांचा. सुट्टी लागली तर माझा शब्द पाळला जाईल आणि साहेबांचा मोडेल. शाळा चालू राहिली तर दोन्ही राहतील. साहेबांकडून कोंबडा मागण्याची वेळ माझ्यावर येऊ नये. मागावा तर मला लाज वाटेल, आणि न मागावा तर धाकलू बैठकीत उभा राहील.

खरे सांगतो साहेब, कोंबड्याचे हसण्यावारी नेता येईल. पोर रात्री चुलीच्या उजेडात वाचते आणि मी कळत नसले तरी ऐकत बसतो. तो आवाज या घरातून जाऊ नये एवढेच माझे मागणे. किती वर्षे शाळा बारमाही ठेवावी म्हणाल, तर मास्तर "हिला शिकवायचे आता काही उरले नाही" म्हणेपर्यंत. मग साहेबांनी हवी तेवढी सुट्टी द्यावी.

तुळशीच्या लग्नाआधी हुकूम यावा. अर्ज कॅसलरॉकच्या गाडीपर्यंत परशूच घेऊन निघाला आहे. त्याच्याइतकी घाई दुसऱ्या कोणाला नाही.

आपल्याच शब्दात अडकलेला, आपला नम्र,
झिलू, बुदवंत (डाव्या हाताचा अंगठा)
कुंभेगाळी, ता. ५ नोव्हेंबर १९०९

सोबत : १) वानरांनी ओरबाडलेली भाताची लोंबी, एक.
२) परशूची सही, म्हणजे ग.

ता. क. : वरील सर्व आजोबांनी सांगितले तसे लिहिले. हे माझे आहे. साहेबांनी शाळा चालू ठेवली तर उत्तर "केशर, मराठी शाळा, कुंभेगाळी" या पत्त्यावर पाठवावे. सुट्टी दिली तर "येसाजीचे घर, अणशी" येथे पाठवावे. त्या घरात कोणालाच वाचता येत नाही, म्हणून ते पत्र मीच सगळ्यांना वाचून दाखवीन.