गच्चीवरची तालीम

मुखवटेवाल्या,

१. गेल्या महिन्यात गच्चीवर तू म्हणालास, "मुखवट्याआतला मी फक्त तुलाच ठाऊक आहे." मी लग्नाला हो म्हटलं.

२. आज तुझ्या मालिकेच्या डबिंगला ध्वनियंत्रावर सहकाऱ्याच्या जागी मी बसले होते. काचेआडून तुला दिसले नाही. पडद्यावर तुझ्या सुपरहिरोनं मुखवटा काढला आणि तू नायिकेला तेच वाक्य म्हणालास. 'फक्त'च्या आधी तोच अडखळलेला श्वास.

३. दिग्दर्शक खूश झाला. "लेका, घरी तालीम केलीस वाटतं?" तू हसलास. "एकीवर करून पाहिली. लगेच विरघळली!"

माझ्या कानांवर हेडफोन होते. राग आला नाही. किळस आली, कुणाचा तरी उष्टा चमचा तोंडात गेल्यासारखी. तरी त्या वाक्याच्या सगळ्या टेकमधला सर्वांत खरा वाटणारा टेक मीच निवडून दिला. ते माझं काम आहे.

रविवारी आई तुमच्याकडे बोलणी करायला येणार आहे. तिनं केससुद्धा रंगवून घेतलेत. हे पत्र पाठवायचा धीर मला झालाच, तर शनिवारपर्यंत कळव: गच्चीवर कोण बोलत होतं? उत्तर मालिकेच्या लेखकाकडून लिहून घेऊ नकोस.

काचेपलीकडची